जाहिरातीत वय नाही, मग मुलाखतीत कुठून आलं?

पत्र: 'लातूर जिल्ह्यातल्या एका अनुदानित महाविद्यालयात तेरा वर्षं तासिका तत्त्वावर इतिहास शिकवते आहे. एम.ए., सेट, २०१९ मध्ये पीएच.डी. प्रवर्ग खुला. गेल्या महिन्यात एक्केचाळीस पूर्ण झाली. एमपीएससीची जाहिरात आली की वय आडवं येतं. शेजारच्या तालुक्यातल्या एका संस्थेत मुलाखतीला गेले, तर समितीतले एक सर म्हणाले, "आता या वयात नव्यानं सुरुवात करणार?" निवड सत्तावीस वर्षांच्या उमेदवाराची झाली. नंतर एकानं सुचवलं, की संस्थेचं "समाधान" केलं असतं तर वय आड आलं नसतं. माझ्या तेरा वर्षांना कागदावर काही किंमत आहे का? कोर्टात जावं, की नाद सोडावा?'

ताई, तुमच्या पत्रात तीन वेगवेगळी वयं एकमेकांत मिसळली आहेत. एक नियमात लिहिलेलं, दुसरं गुणांच्या तक्त्यात दडलेलं आणि तिसरं त्या सरांच्या तोंडून निघालेलं. तिघांवरचा इलाज वेगळा आहे, म्हणून आधी ती वेगळी करू.

विद्यापीठ अनुदान आयोगाच्या, म्हणजे यूजीसीच्या, जुलै २०१८ च्या नियमावलीत सहायक प्राध्यापकासाठी कमाल वयाची अट नाही. पदव्युत्तर पदवीला ५५ टक्के, आरक्षित प्रवर्गांना आणि दिव्यांगांना त्यात ५ टक्क्यांची सूट, सोबत नेट किंवा सेट (प्राध्यापकपदाची अनुक्रमे देशपातळीवरची आणि राज्याची पात्रता परीक्षा), किंवा यूजीसीच्या नियमांनुसार मिळवलेली पीएच.डी. एवढीच पात्रता. मध्यंतरी विद्यापीठातल्या पदांना पीएच.डी. सक्तीची होणार होती. ती तारीख आधी २०२१ वरून २०२३ वर ढकलली आणि २०२३ मध्ये सक्तीच काढून टाकली. नेट आणि सेटला बसायलाही वयाची मर्यादा नाही. अनुदानित महाविद्यालयाच्या जाहिरातीतही वयाचा रकाना सहसा नसतो, कारण तिथली पात्रता याच नियमावलीतून येते.

मग एमपीएससीच्या जाहिरातीत तुम्हाला आडवं येणारं ३८ कुठून आलं? ते राज्य सरकारच्या नोकरीचं वय. एप्रिल २०१६ च्या शासन निर्णयानं खुल्या प्रवर्गाची मर्यादा ३३ वरून ३८ आणि मागासवर्गीयांची ३८ वरून ४३ केली. दिव्यांगांना ४५ पर्यंत सवलत आहे. मुंबईचं इस्माईल युसूफ किंवा कोल्हापूरचं राजाराम यांसारखी शासकीय महाविद्यालयं एमपीएससीमार्फत भरतात, म्हणून तिथे हे वय लागतं. सरकारनं मध्ये एकदा मर्यादित काळासाठी दोन वर्षांची जादा सवलत दिली होती, पण ती २०२३ अखेरपर्यंतच्या जाहिरातींपुरती होती. शासकीय महाविद्यालयाची जाहिरात आली तर तिच्यातलं वयाचं कलम शेवटच्या ओळीपर्यंत वाचा. काही सेवाप्रवेश नियमांत असाधारण अर्हता किंवा अनुभव असलेल्यांसाठी मर्यादा शिथिल करण्याची तरतूद असते. तसं वाक्य असेल तर अर्जासोबत कारणांसह लेखी विनंती जोडा. नसेल तर अर्जाचं शुल्क वाचवा. तुमचा प्रवर्ग खुला आहे, पण आरक्षित प्रवर्गातल्या वाचकांना इथे एक सावधगिरीची सूचना: वयाची सवलत घेऊन अर्ज केला, तर खुल्या जागेवर सहसा तुमचा विचार होत नाही. अर्जात खूण करण्याआधी जाहिरातीतली ती अट वाचा.

राज्यात शासकीय महाविद्यालयं मोजकी आहेत आणि अनुदानित शेकड्यांनी. वय संपलं म्हणून जे दार बंद झालं, ते दोन दारांपैकी लहान होतं.

तरीही तुमची तक्रार खोटी नाही. मे २०१७ मध्ये पदभरतीवर बंदी आली. नोव्हेंबर २०१८ मध्ये अनुदानित महाविद्यालयांतली ३,५८० पदं भरायला परवानगी मिळाली. त्यातली १,४९२ भरून होतात तोच मे २०२० मध्ये कोविडचं कारण देऊन भरती पुन्हा थांबली आणि उरलेल्या २,०८८ पदांना नोव्हेंबर २०२१ मध्ये मान्यता मिळाली. ज्यांची ऐन तिशी या चढउतारात गेली, त्यांना अडतिशीची रेघ दाखवणं म्हणजे गाडी स्वतः रद्द करायची आणि तिकिटाची मुदत संपली म्हणून प्रवाशालाच दंड लावायचा. भरती जेवढे दिवस बंद राहिली तेवढी वर्षं मर्यादेत मिळायला हवीत, असं आमचं स्पष्ट मत आहे. पण ते मागणं संघटनांनी शासनदरबारी लावून धरायचं आहे. एकट्या उमेदवाराला त्यावर न्यायालयातून फारसं काही मिळत नाही, कारण सरकारी नोकरीची वयोमर्यादा ठरवणं हा धोरणाचा भाग मानला जातो.

आता दडलेलं वय. महाविद्यालयासाठी उमेदवारांची छाननी यूजीसी नियमावलीतल्या तक्ता ३ ब प्रमाणे होते. एकूण १०० गुण: ८४ शैक्षणिक, ६ शोधनिबंधांचे, १० अध्यापन अनुभवाचे. पदवीला ८० टक्के किंवा जास्त असतील तर २१, ६० ते ८० ला १९, ५५ ते ६० ला १६, त्याखाली ४५ पर्यंत १०. पदव्युत्तरला ८० च्या वर २५, ६० च्या वर २३, ५५ ते ६० ला २०. पीएच.डी. २५. जेआरएफसह (संशोधनासाठीच्या शिष्यवृत्तीसह) नेट १०, नुसती नेट ८, सेट ५. शोधनिबंधाला प्रत्येकी २, कमाल ६. अनुभवाला वर्षाला २, कमाल १०. राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय पुरस्काराला ३, राज्य पुरस्काराला २.

तुम्ही टक्केवारी कळवलेली नाही. समजा बी.ए.ला ५८ आणि एम.ए.ला ६२ आहेत. १६ अधिक २३, पीएच.डी.चे २५, सेटचे ५, असे ६९ झाले. तीन मान्य निबंध असतील तर ७५, आणि अनुभवाचे पूर्ण १० मिळाले तर ८५. समोरचा सत्तावीस वर्षांचा उमेदवार बी.ए.ला ८२, एम.ए.ला ७२, जेआरएफ, अजून पीएच.डी. नाही, निबंध नाही, असा धरला तर २१ अधिक २३ अधिक १०, म्हणजे ५४. या तक्त्यावर तुम्ही मागे नाही.

पण तक्ता वयाच्या बाबतीत कोरा आहे असंही समजू नका. जेआरएफला वयाची अट आहे: ३० वर्षं, महिलांना आणि आरक्षित प्रवर्गांना पाच वर्षांपर्यंत सवलत. म्हणजे ते वरचे २ गुण तुम्हाला आता कितीही अभ्यास केला तरी मिळणार नाहीत. पदवीच्या टक्क्यांचंही तसंच. वर्षाअखेरीस एकच लेखी परीक्षा असताना कला शाखेत ५८ टक्के मिळवणं आणि आज सत्र पद्धतीत, अंतर्गत गुणांसह, ८२ मिळवणं या एकाच मापानं मोजायच्या गोष्टी नव्हेत. तक्ता मात्र मोजतो. या फटीतून पाच-सात गुण जातात. ते भरून काढायच्या तुमच्या हातातल्या जागा तीन: नेट, निबंध आणि अनुभव.

नेटचं आधी. सेटऐवजी नेट झाली तर ३ गुण वाढतात, आणि सेटची राज्याची हद्दही उरत नाही. आपली सेट सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठ महाराष्ट्र आणि गोवा या दोन राज्यांसाठी घेतं. गोव्यात सरकारी महाविद्यालयासाठी अर्ज करायचा तर कोकणीचं ज्ञान आणि दीर्घ रहिवासाचा दाखला लागतो, म्हणून लातूरकरांना त्या वाटेचा उपयोग कमीच. जून २०२४ पासून नेटचा निकाल तीन गटांत लागतो. पहिला जेआरएफ आणि सहायक प्राध्यापक, दुसरा सहायक प्राध्यापक आणि पीएच.डी. प्रवेश, तिसरा फक्त पीएच.डी. प्रवेश. तिसऱ्या गटाचं प्रमाणपत्र प्राध्यापकाच्या अर्जाला चालत नाही, आणि ते 'नेट उत्तीर्ण' म्हणून जोडणारे अर्ज बाद होतात.

निबंधांत घोळ होतो तो नियतकालिकाचा. समकक्ष-परीक्षित, म्हणजे छापण्याआधी निबंध विषयतज्ज्ञांकडून तपासून घेणारं, किंवा यूजीसीच्या यादीतलं नियतकालिक लागतं. यूजीसीनं केअर ही मान्य नियतकालिकांची यादी फेब्रुवारी २०२५ मध्ये बंद केली, पण तुमचे आधीचे निबंध ज्या दिवशी छापले गेले त्या दिवशी नियतकालिक यादीत होतं की नाही, हे पुराव्यानिशी दाखवावं लागतं. त्या काळची पानं जपलेली नसतील, तर संपादकाकडून अंक क्रमांक, महिना आणि परीक्षण झाल्याचं पत्र आत्ताच मागवा. पैसे भरून आठ दिवसांत छापणाऱ्यांच्या नादी लागू नका. समितीतला एक जरी विषयतज्ज्ञ जागा असेल तर तो पहिला प्रश्न त्यावरच विचारतो आणि बाकीचे दोन चांगले निबंधही संशयात येतात.

आणि आता तेरा वर्षं. खरं गणित इथे आहे आणि खरी गळतीही इथेच. तक्त्याखालच्या टिपेप्रमाणे वर्षाहून कमी अनुभवाचे गुण त्या प्रमाणात कमी होतात. तासिका तत्त्वाची ऑर्डर बारा महिन्यांची नसते. ती जुलै-ऑगस्टात निघते आणि एप्रिलमध्ये संपते. नऊ महिने धरले तर एका शैक्षणिक वर्षाचे दीड गुण. सात वर्षांचे साडेदहा होतात आणि कमाल १० पूर्ण भरतात. तुमच्याकडे तेरा आहेत, तेव्हा कागद नीट असलेली कोणतीही सात पुरेत. वर्षाचे कमी तास म्हणून अनुभव अर्धा धरणारी किंवा अजिबात न धरणारी संस्थाही भेटेल. तेव्हा तक्त्यात फक्त 'अध्यापन अनुभव' असा शब्द आहे, त्यात पूर्णवेळ असं म्हटलेलं नाही, हे लेखी दाखवून द्या. त्यासाठी 'सदर व्यक्ती आमच्याकडे कार्यरत आहे' एवढ्या एका ओळीचा दाखला निरुपयोगी. दाखला असा हवा: 'श्रीमती अमुक यांनी दि. २४ जुलै २०१७ ते दि. १५ एप्रिल २०१८ या कालावधीत बी.ए. द्वितीय व तृतीय वर्षास इतिहास या विषयाचे आठवड्याला ९ तास अध्यापन केले. नेमणूक निवड समितीमार्फत झाली होती. विद्यापीठ मान्यता पत्र क्रमांक अमुक, दिनांक तमुक.' प्रत्येक वर्षासाठी वेगळी ओळ. सोबत त्या वर्षाची नेमणूक ऑर्डर, विद्यापीठाच्या मान्यतेची प्रत आणि मानधन जमा झालेलं बँकेचं पान. मानधन दोन वर्षांनी एकदम जमा झालेलं असतं, तेव्हा ते कोणत्या वर्षाचं, हे महाविद्यालयाच्या लेखा विभागाकडून लिहून घ्या.

दोन गोष्टींत फसू नका. एकाच वर्षी दोन महाविद्यालयांत शिकवलं तर ती दोन वर्षं होत नाहीत. आणि पीएच.डी.चा काळ अनुभवात धरत नाहीत असं छाननीच्या टेबलावर सर्रास सांगतात, ते अर्धंच खरं आहे. रजा न घेता, शिकवत शिकवत पीएच.डी. केली असेल तर तो काळ थेट भरतीसाठी धरावा, असं त्याच नियमावलीत म्हटलं आहे. तुम्ही तसंच केलं असणार, कारण तासिकावाल्यांना रजा असतेच कुठे?

एक कटू गोष्ट मात्र स्पष्ट सांगायला हवी. हा अनुभव निवडीसाठी चालतो, पण पदोन्नतीसाठी मागची सेवा जोडून घ्यायला चालत नाही. त्यासाठी त्या काळात नियमित सहायक प्राध्यापकाच्या मासिक वेतनाहून कमी मोबदला मिळालेला नसावा, अशी अट आहे. नियमिताचं मूळ वेतनच ५७,७०० पासून सुरू होतं. तासिकेचं मानधन तिथवर जात नाही. यूजीसीनं जानेवारी २०१९ मध्ये अतिथी अध्यापकाला तासाला १,५०० आणि महिन्याला कमाल ५०,००० अशी शिफारस केली होती, तीही या अटीला पुरत नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं गुजरातच्या सरकारी अभियांत्रिकी महाविद्यालयांतल्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांना वेतनश्रेणीतलं किमान वेतन द्यायला सांगितलं, पण ते नियमितांइतकंच काम करणारे पूर्णवेळ कंत्राटी होते. नऊ तासांच्या ऑर्डरवर तो निकाल जसाच्या तसा लागू होईल असं कुणी सांगत असेल तर सावध राहा.

तिसरं वय, तोंडी बोललेलं. नियमावलीतलं सर्वात कच्चं ठिकाण हे आहे, की तक्त्याचे गुण फक्त मुलाखतीला कुणाला बोलवायचं हे ठरवतात. निवड केवळ मुलाखतीतल्या कामगिरीवर. तुमचे ८५ आणि त्याचे ५४ दाराबाहेर राहतात आणि आत दोघांची पाटी कोरी होते. आम्हाला यात न्याय दिसत नाही. विद्यापीठांतल्या पदांसाठी शासनानं मुलाखतीचा वाटा मर्यादित करणारी गुणपद्धती आणली आहे. जाहिरातीत गुणांची वाटणी दिली असेल तर ती आधी पाहा.

पण मुलाखत म्हणजे मनमानीही नव्हे. महाविद्यालयाच्या समितीत संस्थेचा अध्यक्ष किंवा त्याचा प्रतिनिधी, प्राचार्य, विभागप्रमुख, कुलगुरूंचे दोन प्रतिनिधी आणि महाविद्यालयाशी संबंध नसलेले दोन विषयतज्ज्ञ असतात. उमेदवारांत महिला किंवा आरक्षित प्रवर्गातलं कुणी असेल आणि समितीत त्या गटातलं कुणी नसेल, तर तसा एक सदस्य वाढवावा लागतो. गणपूर्ती पाच जणांची, त्यात दोघे बाहेरचे विषयतज्ज्ञ हवेतच. गुणपत्रक, इतिवृत्त आणि शिफारस त्याच दिवशी पूर्ण होऊन सर्वांच्या सह्या व्हायच्या असतात. तुमच्या मुलाखतीला समोर किती जण होते, त्यात बाहेरचे किती, बाई कुणी होती का, हे आजच तारखेसह वहीत लिहून ठेवा. चार महिन्यांनी आठवत नाही.

मग माहितीचा अधिकार. तुमच्या जिल्ह्यातल्या अनुदानित महाविद्यालयाबाबत अर्ज महाविद्यालयाच्या जन माहिती अधिकाऱ्याकडे करा. दाद मिळाली नाही तर नांदेडचं स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ किंवा उच्च शिक्षण सहसंचालकांचं कार्यालय. दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट, एक विषय आणि आपल्या राज्याच्या नियमाप्रमाणे १५० शब्दांची मर्यादा. 'माझ्यावर अन्याय का झाला' असा प्रश्न विचारलात तर उत्तर येत नाही, म्हणून कागदच मागा: छाननीतले माझे गुण, मुलाखतीतले माझे गुण, समिती सदस्यांची उपस्थिती, इतिवृत्ताची प्रत. निवड झालेल्या उमेदवाराची व्यक्तिगत कागदपत्रं मिळतीलच असं नाही, त्यावर अर्ज अडकवू नका. तीस दिवसांत उत्तर नाही आलं तर पुढच्या तीस दिवसांत पहिलं अपील.

कोर्टाचं उत्तर या कागदांवर अवलंबून आहे. 'या वयात?' हा एक उद्गार सिद्ध होत नाही आणि झाला तरी तेवढ्यावर निवड रद्द होत नाही. पण गणपूर्ती नसेल, बाहेरचे तज्ज्ञ नसतील, किंवा जाहिरातीत नसलेली वयाची अट छाननीत लावली असेल, तर मुद्दा भक्कम आहे. भरती सुरू झाल्यावर खेळाचे नियम मध्येच बदलता येत नाहीत, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं नोव्हेंबर २०२४ मध्ये पुन्हा सांगितलं आहे. उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात जाण्याआधी वकिलाला हेच कागद दाखवा. उलट एखाद्या संस्थेनं जाहिरातीतच '३५ वर्षांखालील' असं छापलं, तर मुलाखतीपर्यंत थांबू नका. अर्जाच्या शेवटच्या तारखेआधी विद्यापीठाला लेखी हरकत पाठवा आणि विद्यापीठानं मान्य केलेल्या मसुद्यात ती अट होती का, ते विचारा. मुलाखतीला मुकाट्यानं बसून, निकाल विरुद्ध गेल्यावर अटीवर आक्षेप घेणाऱ्याला न्यायालय सहसा उभं करत नाही.

'समाधाना'विषयी एकच. पुन्हा कुणी रक्कम सुचवली तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा क्रमांक १०६४ आहे. पैसे देऊन घेतलेल्या ऑर्डरची मान्यता रखडली की ती रक्कम मागायला तोंड उरत नाही.

आणि तो प्रश्न पुढच्या मुलाखतीत पुन्हा येणार, तेव्हा त्याचं उत्तर आकड्यांत तयार ठेवा. महाराष्ट्रात महाविद्यालयीन शिक्षक साठाव्या वर्षी निवृत्त होतो. म्हणजे संस्थेला तुमच्याकडून एकोणीस वर्षं मिळतात. पीएच.डी. असल्यामुळे चार, पाच आणि तीन वर्षांचे टप्पे पार करून तुम्ही बाराव्या वर्षी सहयोगी प्राध्यापक होऊ शकता, त्यानंतरही सात वर्षं हातात राहतात. हे रडत किंवा चिडून नाही, वर्कलोडचा हिशेब सांगतात तसं सांगायचं, आणि लगेच दहा मिनिटांच्या पाठाकडे वळायचं. तेरा वर्षं वर्गात उभं राहिलेल्या माणसाला खडू हातात घेतल्यावर जे जमतं, ते समितीतल्या बाहेरच्या दोन तज्ज्ञांना दिसतं. फळा नसेल तर मागून घ्या.

जाहिरात आली की जागा कोणत्या बिंदूवर, म्हणजे कोणत्या प्रवर्गासाठी, आहे ते आधी बघा. इतिहासाची जागा एकच असते आणि ती तुमच्या प्रवर्गाची नसेल तर बाकी सगळं व्यर्थ. खुला महिला असं लिहिलं असेल, तर त्यासाठीची नॉन-क्रीमी लेअर प्रमाणपत्राची अट शासनानं २०२३ मध्ये काढली आहे. पात्रता मोजायची तारीख नियमात दिलेली असते, नसेल तर जाहिरातीत, तिथेही नसेल तर अर्जाची शेवटची तारीख. त्या तारखेनंतर हाती आलेलं प्रमाणपत्र चालत नाही.

सगळ्यात आधी मात्र ते अनुभवाचे दाखले. तेरा वर्षांत तुमच्या महाविद्यालयात किमान दोन-तीन प्राचार्य बदलले असतील, आणि जुन्या ऑर्डरी कोणत्या कपाटात आहेत हे ठाऊक असलेला कार्यालय अधीक्षकही कधीतरी निवृत्त होईल. एप्रिलमध्ये ऑर्डर संपायच्या आत अर्ज द्या, आणि दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांकाचा शिक्का मारून घ्या.